सैल दोरी

कुत्रा दोरी ओढतो, कारण ओढलं की पुढे जाता येतं. पिल्लू पहिल्यांदा सोसायटीच्या फाटकाबाहेर पडतं, समोरच्या गुलमोहराकडे झेपावतं, त्याच्यामागे आपण दोन पावलं खेचले जातो आणि त्याचं नाक बुंध्याला टेकतं. तेवढ्यात त्याचा धडा शिकून होतो. मग तोच धडा रोज सकाळ-संध्याकाळ गिरवला जातो. वर्षभरात ते पिल्लू तीस किलोचं होतं, फिरवणाऱ्याचा खांदा दुखायला लागतो आणि घरात एकमताने ठरतं की कुत्रा हट्टी आहे, माजलाय, कुणाचं म्हणून ऐकत नाही.

गेले काही महिने पुण्यात आणि मुंबईत मी कुत्री फिरवणाऱ्यांबरोबर चालतेय. त्यांत घरची माणसं आहेत, पगारावर कुत्री फिरवणारी मुलं आहेत आणि घरी येऊन शिकवणारे प्रशिक्षकही आहेत. सकाळी साडेसहाला कुठल्याही मोठ्या सोसायटीच्या दाराशी उभं राहा. एका हातात मोबाइल, दुसऱ्या हातात ताणलेली दोरी, गळ्यात रुतलेला पट्टा आणि कुत्र्याच्या घशातून येणारी घरघर. हे दृश्य इतकं अंगवळणी पडलंय की त्या घरघरीकडे कुणाचं लक्षच जात नाही. ते जावं, एवढ्यासाठी हा लेख लिहिते आहे.

ओढण्यामागे माज नसतो. प्राणी कसे शिकतात याचा हा अगदी पहिला नियम आहे. एडवर्ड थॉर्नडाइक या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने १८९८ साली मांजरांना लाकडी खोक्यांत ठेवून पाहिलं. कडी काढली की बाहेर पडता येतं आणि मासा मिळतो, हे कळल्यावर मांजर दर वेळी अधिक लवकर कडी काढू लागलं. ज्या कृतीने हवं ते मिळतं, ती कृती पुन्हा होते. पुढे बी. एफ. स्किनरने याच पायावर मोठं शास्त्र उभं केलं. १९५७ साली चार्ल्स फर्स्टरबरोबर लिहिलेल्या जाडजूड ग्रंथात त्याने दाखवलं की बक्षीस दर वेळी न मिळता अधूनमधून मिळालं, तर सवय जास्त चिवट होते.

आपल्या घरांत नेमकं हेच घडतं. सकाळी बाबा फिरवतात, ते ओढू देत नाहीत. दुपारी आजी खाली नेतात, त्यांच्या हातात तेवढं बळ नाही, म्हणून कुत्रा नेईल तिकडे त्या जातात. संध्याकाळी शाळेतून आलेला नातू त्याच्याबरोबर धावतच सुटतो. कुत्र्याच्या दृष्टीने ओढणं हे लॉटरीचं तिकीट होतं. आज नाही लागलं, उद्या लागेल. घरात दोरी धरणारे जितके हात, तितक्यांनी एकच नियम पाळल्याशिवाय कुठलाही प्रशिक्षक काही करू शकत नाही. शिकवणी कुत्र्याची असली तरी पहिल्या दिवशी घरातल्या सगळ्यांना हॉलमध्ये बसवणारे प्रशिक्षक मला म्हणूनच भरवशाचे वाटले.

सगळेच तसे नसतात. कुत्रा ओढायला लागला की बाजारातून पहिली वस्तू घरी येते ती चोक चेन. स्टीलची साखळी, ओढली की आवळणारी. ती एक झटका देऊन वापरायची आणि कुत्रा कळवळला की तो ‘समजला’ असं मानायचं. या पद्धतीला मोठा इतिहास आहे. कोनराड मोस्ट हा जर्मन अधिकारी पोलिसांच्या कुत्र्यांना शिकवत असे. त्याचं १९१० सालचं पुस्तक पुढच्या कित्येक पिढ्यांच्या लष्करी श्वानप्रशिक्षणाचा आधार झालं. अमेरिकेत विल्यम कोलरने १९६२ साली हीच शिस्त घराघरांतल्या कुत्र्यांसाठी लिहून काढली. आपल्या शहरांत शिकवायला येणाऱ्यांतही लष्कराच्या किंवा पोलिसांच्या श्वानपथकात काम केलेले बरेच जण भेटतात. त्यांच्यातल्या काहींचा हात अतिशय हळुवार असतो, हेही मी पाहिलंय. स्फोटकं हुंगणारा कुत्रा चेंडूसाठी जीव टाकून काम करतो, हे त्यांनी स्वतः अनुभवलेलं असतं. पण ‘कुत्र्याला आपण मालक आहोत हे कळलंच पाहिजे’ हे वाक्य अजूनही सगळीकडे ऐकू येतं.

हे वाक्य लांडग्यांवरून आलंय. रुडॉल्फ शेंकेलने १९४७ साली बंदिवासातल्या लांडग्यांच्या मारामाऱ्यांवर लिहिलं. डेव्हिड मीच या लांडग्यांच्या अभ्यासकाने १९७० सालच्या आपल्या पुस्तकात ती कल्पना पुढे नेली आणि ‘अल्फा’ हा शब्द जगभर गेला. नंतर याच मीचने कॅनडाच्या उत्तर टोकाला, एल्समिअर बेटावर, उन्हाळ्यामागून उन्हाळे मोकळ्या लांडग्यांजवळ काढले. तिथे त्याला दिसलं ते एक कुटुंब: आई, बाप आणि त्यांची लहानमोठी पिल्लं. सत्तेची भांडणं जवळपास नाहीतच. १९९९ साली त्याने शोधनिबंध लिहून आपलंच जुनं म्हणणं दुरुस्त केलं आणि ते पुस्तक छापणं थांबवा म्हणून प्रकाशकाच्या मागे लागला. अभ्यासकाने आपली चूक इतक्या उघडपणे मान्य केली, तरी ती कल्पना आपल्या कुत्र्यांच्या मानेवर बसलेलीच आहे. आणि कुत्रा काही लांडगा नव्हे. हजारो वर्षं तो माणसाच्या उकिरड्यावर, अंगणात आणि शेकोटीजवळ वाढलाय.

झटक्याने काय होतं, याची मोजमापंही झाली आहेत. पोर्तुगालमध्ये ९२ पाळीव कुत्र्यांवर केलेला एक अभ्यास २०२० साली प्रसिद्ध झाला. त्यातली काही कुत्री झटका, ओरडणं, दटावणं वापरणाऱ्या वर्गांत जात होती, काही खाऊ आणि कौतुक वापरणाऱ्या वर्गांत. पहिल्या गटातली कुत्री शिकताना सारखी ओठ चाटत, जांभया देत, अंग आखडून उभी राहत, आणि वर्गानंतर त्यांच्या लाळेतलं ताणाचं संप्रेरक अधिक वाढलेलं आढळलं. मग एक साधी चाचणी घेतली. एका जागी ठेवलेल्या वाडग्यात नेहमी खाऊ असतो, दुसऱ्या जागी ठेवलेल्यात कधीच नसतो, हे कुत्र्यांना आधी शिकवलं आणि नंतर वाडगा मध्येच कुठेतरी ठेवला. आशावादी कुत्रा त्याच्याकडे चटकन जातो. सर्वांत कठोर वर्गांतली कुत्री बिचकत, हळूहळू गेली. झटक्यांची भीती वर्गापुरती राहिली नव्हती.

शरीराचं वेगळंच. मानेत श्वासनलिका आहे, थायरॉइड आहे, डोक्याकडून परतणाऱ्या मोठ्या रक्तवाहिन्या आहेत. अमेरिकेतल्या पशुवैद्यकांनी २००६ साली मोजलं, तेव्हा गळपट्ट्यावर ताण आल्यावर कुत्र्याच्या डोळ्यातला दाब वाढला. तेवढाच ताण छातीवरच्या हार्नेसवर दिला तेव्हा वाढला नाही. मराठी मध्यमवर्गाने दोन-तीन पिढ्या ज्याला पामेरियन म्हणून सांभाळलं, त्या झुपकेदार लहान कुत्र्यांत श्वासनलिका खचण्याचा आजार पुष्कळ दिसतो. बदकासारखा कोरडा खोकला हे त्याचं लक्षण, आणि अशा कुत्र्याला गळपट्ट्याने ओढणं म्हणजे दुखण्यावर रोज बोट ठेवणं. पगचंही तेच. २००३ साली ‘हच’च्या जाहिरातीत एक पग मुलामागे दोरीशिवाय गावभर फिरला आणि घरोघरी पग आले. चपट्या नाकाच्या त्या कुत्र्याला मुळातच श्वास अपुरा पडतो. या दोन्ही कुत्र्यांना गळ्यात नाव-नंबराचा बिल्ला लावावा, पण दोरी हार्नेसलाच बांधावी.

आता प्रत्यक्ष शिकवणं. पुण्यात सहकारनगरमधल्या एका काकूंकडे मी ते जवळून पाहिलं. मुलगा नोकरीसाठी परगावी गेला आणि ब्रुनो नावाचा लॅब्राडोर आई-वडिलांकडे राहिला. काकूंची साठी उलटलेली, मागच्या पावसाळ्यात ब्रुनोने मांजरामागे झेप घेतली तेव्हा त्यांचं मनगट मुरगळलेलं. (अमेरिकेत २००१ ते २०२० या काळात दोरीने कुत्रा फिरवताना जखमी होऊन इस्पितळाच्या आपत्कालीन विभागात गेलेल्या प्रौढांचा आकडा सुमारे ४ लाख २२ हजार निघाला. त्यांत बायका बऱ्याच जास्त होत्या आणि बोटाचं हाड मोडणं ही सर्वांत जास्त आढळणारी दुखापत होती.) शिकवायला आलेली मुलगी पंचविशीची. तिने पहिल्यांदा डब्बीतून सुटणारी, लांबत जाणारी दोरी बाजूला ठेवली. ती दोरी कायम किंचित ताणलेली असते, त्यामुळे ओढलं की वाट मिळते हेच ती अखंड शिकवत राहते. त्याऐवजी सहा फुटांची साधी नायलॉनची दोरी आली आणि छातीवर पुढच्या बाजूला कडी असलेला हार्नेस. अशा हार्नेसमध्ये कुत्रा ओढायला गेला की त्याचं अंग आपल्या बाजूला वळतं.

“काकू, दोरी मनगटाला गुंडाळायची नाही. अंगठ्यात अडकवा आणि मूठ मिटा,” ती म्हणाली. उकडलेल्या चिकनचे नखाएवढे तुकडे करून एका छोट्या डबीत भरले होते. बाहेर जायचंच नव्हतं. हॉलमधून स्वयंपाकघरापर्यंत आणि परत, एवढाच रस्ता. ब्रुनो काकूंच्या डाव्या गुडघ्याशी आला की सलवारीच्या शिवणीला टेकवलेल्या बोटांतून तुकडा. पुढे गेला तर काही नाही, ओरडणंही नाही. तुकडा कुठे द्यायचा याकडे त्या मुलीचं बारीक लक्ष होतं. समोर धरून दिला तर कुत्रा समोर येऊन अडवतो. शिवणीशी दिला तर शिवणीशी राहायला शिकतो. दोन-तीन दिवस हॉल, मग जिन्याचा पॅसेज, मग गाड्या नसताना पार्किंग. फाटक आलं ते पुढच्या आठवड्यात.

फाटकाबाहेर ब्रुनोने नेहमीप्रमाणे झेप घेतली. काकू थांबल्या. मागे खेचलं नाही, बोलल्या नाहीत, झाडासारख्या उभ्या राहिल्या. ब्रुनोने आणखी जोर लावला, पुढचे पाय हवेत गेले, भुंकला. इथेच बहुतेक लोक हार मानतात. आजवर चालत आलेली युक्ती अचानक निकामी झाली की कुत्रा ती सोडण्याआधी एकदा सगळं बळ लावून पाहतो, आणि नेमक्या त्या क्षणी आपण एक पाऊल पुढे टाकलं तर इथून पुढे एवढा जोर लावायचा असतो, हे शिकवून बसतो. काकू हलल्या नाहीत. मग ब्रुनोने मान वळवून त्यांच्याकडे पाहिलं. दोरी खाली लोंबली. “हं! शाब्बास,” तुकडा, आणि लगेच पुढे. दोन पावलांनी पुन्हा तेच. कोपऱ्यावरच्या किराणा दुकानापर्यंत जायला त्या दिवशी अर्धा तास गेला. काकांनी गॅलरीतून विचारलं, आता जन्मभर खिशात चिकन घेऊन फिरायचं का? मुलीने समजावलं, की सवय पक्की होत जाईल तसे तुकडे विरळ करायचे आणि त्यांच्या जागी त्याला हवं असलेलं दुसरं काहीतरी द्यायचं. सैल दोरीने चार पावलं चाललास, आता हुंग तो खांब. दिवसभराच्या जेवणातून तेवढं चिकन वजा करायचं, नाहीतर लॅब्राडोर फुगतो. आणि खिशात बेदाणे-मनुका असतील तर चुकूनही देऊ नयेत. त्यांनी कुत्र्याच्या किडन्या निकामी होऊ शकतात.

हुंगण्याबद्दल जरा सविस्तर लिहायला हवं, कारण सगळ्यात जास्त भांडण तिथेच होतं. “चल रे, काय वास घेत बसलायस,” हे वाक्य रस्त्यावर सारखं कानावर येतं. माणसाच्या नाकात वास टिपणाऱ्या पेशी साधारण ५०-६० लाख, कुत्र्याच्या नाकात जातीनुसार कित्येक कोटी. त्याच्या नाकपुडीला बाजूला चीर असते, श्वास तिथून बाहेर पडतो आणि पुढून नवा वास आत येतच राहतो. एका खांबावर काल रात्री कोण येऊन गेलं, नर की मादी, ती माजावर आहे का, एवढं त्याला तिथे उभ्याउभ्या समजतं. दिवसाचे बावीस-तेवीस तास टू बीएचकेमध्ये काढणाऱ्या जिवाला बाहेरचं जग भेटतं ते एवढ्याच वेळात. शार्लोट दुरांतों आणि अलेक्झांड्रा होरोविट्झ यांनी २०१९ साली वर सांगितलेली वाडग्याचीच चाचणी वापरली. दोन आठवडे रोज वास शोधण्याचा खेळ खेळलेली कुत्री मधल्या वाडग्याकडे आधीपेक्षा चटकन जाऊ लागली. त्याच काळात पायाशी पाय लावून चालण्याचा सराव केलेल्या कुत्र्यांत तसा फरक दिसला नाही. म्हणून अर्ध्या तासाची फेरी कवायतीसारखी चालवणं मला पटत नाही. रस्ता ओलांडताना, गर्दीतून, लिफ्टमध्ये तो पायाशी हवा. बाकीचा वेळ दोरी सैल असली की झालं, नाक कुठेही असो.

कुत्र्याला बाहेर हिंडण्याची गरज असते, हे आपल्या कायद्यालाही ठाऊक आहे. प्राण्यांना क्रूरतेने वागवण्यास प्रतिबंध करणाऱ्या १९६० सालच्या कायद्याच्या ११व्या कलमात, फार आखूड किंवा फार जड साखळीने जनावर अवाजवी वेळ बांधून ठेवणं हा गुन्हा आहेच. त्याच्याच पुढच्या उपकलमात, नेहमी बांधलेल्या किंवा कोंडलेल्या कुत्र्याला पुरेसा व्यायाम न देणं हाही मालकाचा गुन्हा म्हटला आहे. बंगल्याच्या फाटकाशी दिवसरात्र बांधलेली किती कुत्री आपण जातायेता पाहतो! दुसऱ्या बाजूला, आपल्या जनावरामुळे कुणाच्या जिवाला धोका किंवा गंभीर इजा होऊ नये म्हणून पुरेशी काळजी न घेणाऱ्याला भारतीय न्याय संहितेच्या २९१व्या कलमाखाली सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड होऊ शकतो. ‘आमचा काही करत नाही हो’ म्हणत पार्किंगमध्ये मोकळा सोडणाऱ्यांनी हे वाचावं.

परदेशी पुस्तकांत न मिळणारा भाग म्हणजे आपल्या गल्लीतली कुत्री. तिथल्या पुस्तकातला रस्ता रिकामा असतो. आपल्या प्रत्येक वळणावर चार-पाच जणांचा एक कळप बसलेला असतो, आणि बांधलेलं पाळीव कुत्रं त्यांच्या हद्दीतून जातं तेव्हा चौकशी होणारच. त्यांना दगड दाखवणारे, काठी आपटत जाणारे मालक मी पाहिले. त्याने आपल्याच कुत्र्याची छाती धडधडते, आणि दोरी आखडून धरली की तो आणखी बावरतो. कोलकात्याच्या आयसर संस्थेत अनिंदिता भद्र आणि त्यांचे विद्यार्थी मोकाट कुत्र्यांचा अभ्यास करतात. त्यांच्या २०१७ सालच्या एका कामात असं दिसलं की अनोळखी माणसावर विश्वास बसायला या कुत्र्यांना खाण्यापेक्षा मायेने कुरवाळणं जास्त उपयोगी पडतं. रोजच्या वाटेवरच्या कळपाशी ओळख ठेवणं म्हणूनच शहाणपणाचं आहे. आधी एकट्याने जावं, आपलं कुत्रं न घेता. कुणाच्या कानाला खाच आहे, म्हणजे नसबंदी आणि लस झाली आहे, ते पाहावं. कोण म्हातारं, कोणाला पिल्लं आहेत, हे कळलं की कुठल्या बाजूने जायचं तेही कळतं.

दोन कुत्री एकमेकांसमोर नाकासमोर सरळ चालत आली की दोघांनाही ते आव्हान वाटतं. मोकळी असती तर ती वळसा घालून, बाजूने भेटली असती. फुटपाथ अरुंद आणि दोरी आखूड, तिथे हा वळसा आपण घालायचा. लांबूनच पलीकडच्या कडेला जायचं, स्वतः मध्ये राहायचं, दोरी सैल ठेवायची आणि न थांबता निघायचं. आपला कुत्रा समोरच्याकडे बघून परत आपल्याकडे बघतो त्या क्षणी कौतुक करावं. टक लावून, अंग ताठ करून उभा राहिला, तर अंतर कमी पडलंय; आणखी लांब जायचं.

मुंबईत वांद्रे, वर्सोवा भागांत पगारावर कुत्री फिरवणारी मुलं एका हातात चार-पाच दोऱ्या घेऊन चालतात. बघणाऱ्याला सर्कस वाटते, पण त्यांच्यातल्या जुन्या मुलांचं वाचन विलक्षण असतं. कुठलं कुत्रं कुणाशेजारी चालेल, कुणाला स्कूटरचा राग आहे, कुणाच्या पायाखालची फरशी तापली की ते थबकतं, सगळं त्यांना माहीत. त्यांच्याबरोबर सुतासारखं चालणारं कुत्रं संध्याकाळी मालकिणीला फरफटत नेतं, याचं घरच्यांना नवल वाटतं. त्या मुलाला एखाद्या रविवारी घरी चहाला बोलावून तो काय करतो ते विचारावं. पगार देतो त्या माणसाकडून शिकायची आपल्याला सवय नाही, आणि त्यात नुकसान आपलं होतं.

लातूर-सोलापूरकडच्या कारवानी कुत्र्यांबद्दलही लिहायलाच हवं, कारण ती हल्ली शहरांतल्या फ्लॅटमध्ये येऊ लागली आहेत. ही नजरेने शिकार करणारी जात. दूरवर काही धावताना दिसलं की ती कान बंद करून सुटते. डोकं निमुळतं आणि मान जाड, त्यामुळे साधा पट्टा मागे सरकताच डोक्यावरून निघून जातो. त्यांना रुंद, ठरावीक मर्यादेपर्यंतच आवळणारा मार्टिंगेल पट्टा लागतो, आणि आठवड्यातून काही वेळा तरी बंदिस्त मैदानात पाय मोकळे करायला हवेत. ते जमणार नसेल तर ही जात घरी आणू नये, असं माझं स्पष्ट मत आहे.

दिवाळी आली की फटाके सुरू होतात. वर्षभराची शिकवण या आठवड्यात कोलमडते आणि कित्येक कुत्री याच दिवसांत हातातून निसटून हरवतात. संध्याकाळची फेरी अंधार पडण्याआधी, पाचच्या सुमारास उरकावी. दोन दोऱ्या लावाव्यात, एक हार्नेसला, एक गळपट्ट्याला, आणि बिल्ल्यावरचा फोन नंबर चालू आहे ना ते पाहून घ्यावं. रस्ता रोजचाच असावा, नवं काही शिकवू नये. आवाज होताच कुत्रं घराकडे ओढायला लागलं, तर या दिवसांत त्याला ओढू द्यावं आणि त्याच्याबरोबर घरी यावं. भ्यालेलं कुत्रं त्या क्षणी काही शिकत नाही. जवळ घेतल्याने भीती वाढते हा गैरसमज आहे, खुशाल जवळ घ्या. फारच थरथरत असेल, लाळ गळत असेल तर त्यावर औषधं आहेत, पण ती वसुबारसेच्या आधीच पशुवैद्यांना विचारून ठेवावी लागतात. ऐनवेळी माणसांची झोपेची गोळी अर्धी करून देऊ नये. तुळशीच्या लग्नापर्यंत अधूनमधून माळा वाजत राहतात, तेव्हा फेरीची वेळ पूर्ववत करायची ती त्यानंतरच.